यवफल : मेळघाटातील बांबूचे जीवनचक्र आणि त्याची स्मृती

अमरकोशात बांबूची जी नावे एकत्र दिली आहेत, त्यांपैकी ‘त्वक्सार’, ‘तृणध्वज’, ‘शतपर्वा’ आणि ‘यवफल’ ही चार नावे विशेष विचारात घेण्याजोगी आहेत. ज्याचे बळ सालीत साठवलेले आहे तो त्वक्सार. गवतांच्या समुदायात जो ध्वजाप्रमाणे उंच उभा राहतो तो तृणध्वज. ज्याला शेकडो पेरे असतात तो शतपर्वा. बांबूचे बेट एकदा नीट पाहिलेल्या कोणासही ही तीन नावे सुचू शकतील. चौथ्या नावाची गोष्ट मात्र वेगळी आहे. यवासारखे फळ ज्याला येते तो यवफल. आणि सबंध रानाचे बांबू फळास आलेले पाहण्याचा योग माणसाच्या आयुष्यात एकदा, फार तर दोनदा येतो. जे इतके दुर्मीळ, त्यावरूनच वनस्पतीला नाव पडावे आणि ते कोशकारापर्यंत टिकावे, याचा अर्थ असा की एका पिढीने पाहिलेली गोष्ट दुसऱ्या पिढीच्या स्वाधीन करण्याचे काम येथे भाषेने केले आहे.

बांबूच्या परिस्थितिविज्ञानाचा विचार भाषेच्या अभ्यासकाने का करावा, या प्रश्नाचे उत्तर या एका शब्दात आहे. बांबूचे जीवनचक्र माणसाच्या एका पिढीपेक्षा लांब असते, आणि त्यावर जगणाऱ्या बहुतेक प्राण्यांच्या आयुष्यापेक्षा तर ते कितीतरी लांब असते. त्यामुळे बांबूच्या आधाराने जगणाऱ्यांपुढे एक विलक्षण अडचण उभी राहते. ज्या घटनेसाठी तयारी करावयाची, तिचा अनुभव तयारी करणाऱ्यास बहुधा नसतो. चीनमधील पांडाने या अडचणीवर पायांनी मात केली, म्हणजे तो दुसऱ्या बांबूच्या शोधार्थ चालू लागला. माणसाने ती स्मृतीने, म्हणजे शब्दांनी, ओलांडली. हे दोन्ही मार्ग आज अरुंद होत आहेत. अमरावती व अकोला जिल्ह्यांच्या उत्तर सीमेवरील मेळघाटाच्या संदर्भात हा विषय पाहणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

१. मानवेलाचा अधिवास

पूर्णेच्या खोऱ्यातील काळ्या, सपाट, कापसाच्या प्रदेशातून उत्तरेकडे निघाले असता परतवाडा किंवा अकोट ओलांडताच सातपुड्याची गाविलगड रांग भिंतीसारखी समोर येते. पूर्णेचे मैदान समुद्रसपाटीपासून सुमारे ३०० मीटर उंचीवर आहे, तर चिखलदऱ्याजवळील वैराट हे शिखर ११७८ मीटरपर्यंत चढते. याच रांगेच्या दक्षिण कडेवर गाविलगड आणि नरनाळा हे दोन प्रसिद्ध किल्ले उभे आहेत; पैकी नरनाळा अकोला जिल्ह्यात येतो. रांगेच्या पलीकडील उतारावरून सिपना, गडगा, डोलार, खंडू, खापरा या नद्या तापीला मिळतात. खडक सर्वत्र बेसाल्टाचा, म्हणजे दख्खनच्या काळ्या पाषाणाचा. वन पानझडी असून त्यात सागाचे प्राबल्य आहे. त्याच्या सोबतीला ऐन, धावडा, तिवस, लेंडिया, मोह, तेंदू आणि आवळा हे वृक्ष आढळतात. या वृक्षांच्या खालच्या थरात जी वनस्पती सर्वांत ठळकपणे डोळ्यांत भरते, ती म्हणजे मानवेल.

मानवेल हे डेन्ड्रोकॅलॅमस स्ट्रिक्टस या जातीचे मराठी नाव होय. रॉक्सबर्ग याने अठराव्या शतकाच्या अखेरीस तिचे वर्णन केले. भारतातील कोरड्या पानझडी वनांत इतकी विस्तृत पसरलेली बांबूची दुसरी जात नाही. विदर्भातील ओलसर दऱ्यांत व गावांच्या आसपास आढळणारा काटेरी कटंग, म्हणजेच देशावरचा कळक, आणि हा मानवेल यांत गल्लत होऊ नये. कटंग जाड, उंच, पोकळ व काटेरी असतो. मानवेलाला काटे नसतात, त्याची काठी बारीक असते, आणि कोरड्या जागी तर ती जवळजवळ भरीव असते. ‘बडा घर पोकळ वासा’ ही म्हण मानवेलाच्या वाशाला लागू पडत नाही. लाठीसाठी, तंबूच्या खांबांसाठी व कुऱ्हाडीच्या दांड्यासाठी त्याला जी मागणी असते, तिचे कारण हा भरीवपणाच होय.

मानवेलाला पाण्याचा निचरा होणारी उताराची जमीन मानवते. मैदानातील चिकण काळी माती, जिच्यात पावसाळ्यात पाणी तुंबते, ती त्याला सोसत नाही. वऱ्हाडच्या सपाटीवर रानचा बांबू का नाही आणि घाट चढू लागताच तो का दिसू लागतो, याचे एक कारण या मातीत आहे. पावसाळा सुरू झाला की जमिनीखालच्या आडव्या खोडापासून, ज्यास वनस्पतिशास्त्रात मूलक्षोड म्हणतात, नवे कोंब वर येतात. दोन-तीन महिन्यांत कोंब आपली पूर्ण उंची गाठतो. पुढे तो उंचीने वा जाडीने वाढत नाही, केवळ पक्व होत जातो. पक्व होण्यास त्याला दोन-तीन वर्षे लागतात. दरवर्षीचे कोंब बेटाच्या बाहेरच्या कडेस येत असल्यामुळे बेटाचा मध्य जुना आणि परीघ तरुण असतो. ही रचना ध्यानात घेतल्याशिवाय बांबूच्या तोडीचे नियम समजत नाहीत. परिघावरचे कोवळे बांबू राखावेत, आतले जुने काढावेत, मूलक्षोड खणू नये आणि काही वर्षांच्या अंतराने तोड करावी, हे नियम वरवर हिशेबी वाटले तरी त्यांचा उगम वाढीच्या या क्रमात आहे.

२. फुलोरा

बांबू हे गवत आहे. ज्वारीचे ताट एका हंगामात वाढते, कणसावर येते आणि वाळते. बांबूही तेच करतो, परंतु त्याचा हंगाम कित्येक दशकांचा असतो. मानवेलाच्या बाबतीत निरनिराळ्या प्रदेशांतून जी अंतरे नोंदली गेली आहेत, ती सुमारे २० वर्षांपासून ६५ वर्षांपर्यंत पसरलेली आहेत. फुलोरा आला की पाने गळतात, सबंध काठी फुलांच्या गोलसर, काटेरी भासणाऱ्या झुबक्यांनी भरते, उन्हाळ्यात बी पडते आणि बेट मरते. साठवलेले सर्व अन्न बियांत खर्ची पडलेले असते. बी लहान असते. एका किलोत सुमारे तीस हजार दाणे भरतात. ते फार तर वर्षभर उगवणक्षम राहते.

मानवेलाचा फुलोरा दोन प्रकारचा असतो, आणि हा भेद पुढील विवेचनाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. पहिला विरळ फुलोरा : एखाद्या वर्षी रानात येथे एक बेट, तेथे दोन बेटे फुलतात व मरतात, बाकीचे रान हिरवे राहते. दुसरा सामुदायिक फुलोरा : डोंगरच्या डोंगर एक-दोन वर्षांत फुलून वाळून जातो. सह्याद्रीतील कारवी सात-आठ वर्षांनी एकदम फुलते हे महाराष्ट्रातील वाचकांस ठाऊक आहे. बांबूचा सामुदायिक फुलोरा हे त्याच वर्तनाचे अधिक लांब अंतराचे रूप होय.

इतकी दशके थांबून सर्वांनी एकदम फुलण्यात बांबूचा लाभ कोणता? १९७६ साली डॅनियल जॅन्झन या अमेरिकन परिस्थितिवैज्ञानिकाने याचे जे उत्तर दिले ते आजही सर्वाधिक मान्य आहे. बांबूचे बी उंदीर, पक्षी, रानडुकरे यांचे आवडते खाद्य आहे. प्रत्येक बेट आपापल्या सोयीने दरवर्षी फुलू लागले, तर सारे बी खाऊन फस्त होईल. उलट सर्व बेटे एकदम फुलली तर खाणाऱ्यांची पोटे भरूनही बी उरते. आणि मधल्या दीर्घ दुष्काळात खाणाऱ्यांची संख्या त्या बियांच्या आधाराने वाढू शकत नाही. जे बेट वेळेआधी किंवा वेळेनंतर फुलते, त्याचे बी वाया जाते. अशा रीतीने वेळ पाळणाऱ्यांचाच वंश टिकतो. १९९९ मध्ये कीली आणि बाँड यांनी दुसरा विचार मांडला : सामुदायिक मरणानंतर वाळलेल्या बांबूंचा जो ढीग साचतो तो वणव्यास इंधन पुरवतो, वणवा वरचे वृक्षछत्र मोकळे करतो, आणि त्याचा लाभ बांबूच्या रोपांना मिळतो. या दुसऱ्या मताविषयी विद्वानांत पुष्कळ वाद आहे. परंतु सामुदायिक फुलोऱ्यानंतरचे रान आगीस अत्यंत अनुकूल असते, एवढा भाग निर्विवाद होय.

३. पांडाच्या पर्वतांतील उदाहरण

अशा वनस्पतीवर जो प्राणी सर्वस्वी अवलंबून राहतो त्याचे काय होते, हे पाहावयाचे असेल तर चीनमधील सेचुआन, शान्शी व कान्सू या प्रांतांतील पर्वतांकडे वळावे लागते. तेथील थोरला पांडा हा वंशाने मांसाहारी अस्वलांपैकी असून त्याचे आतडेही मांसाहाऱ्याचेच, म्हणजे आखूड आहे. तो जे खातो त्यापैकी पाचवा हिस्साही त्याला पचत नाही. म्हणून त्याला दिवसाकाठी १२ ते ३८ किलो बांबू खावा लागतो आणि जागेपणीचा बहुतेक वेळ त्यातच घालवावा लागतो. इतक्या तुटपुंज्या हिशेबावर जगणाऱ्या प्राण्याला वाट पाहणे परवडत नाही.

चिनलिंग पर्वतातील पांडांचे वर्तन या दृष्टीने उद्बोधक आहे. तेथे दोन जातींचे बांबू दोन वेगवेगळ्या उंचीवर आढळतात : खाली बाशानिया फार्जेसी, वर फार्जेसिया चिनलिंगेन्सिस. वर्षाचा मोठा भाग पांडा खालच्या बांबूची पाने खातात. वसंतात त्याचेच कोंब खातात. आणि ते कोंब कठीण होऊ लागले की उन्हाळ्यात वर चढून, तेथे उशिरा फुटणाऱ्या दुसऱ्या बांबूच्या कोंबांवर येतात. उंचीचा फरक म्हणजे ऋतूचा फरक, आणि दोन जाती म्हणजे दोन स्वतंत्र घड्याळे. एक घड्याळ थांबले, म्हणजे एका जातीला फुलोरा येऊन ती मेली, तरी दुसरी हिरवी असते.

ही व्यवस्था जेथे मोडली तेथे काय झाले, याचीही नोंद आहे. १९७० नंतरच्या दशकाच्या मध्यास मिनशान पर्वतात फार्जेसिया बांबूचा सामुदायिक फुलोरा आला आणि किमान १३८ पांडा मेलेले आढळले. १९८३ मध्ये च्युंगलाय पर्वतात पुन्हा मोठा फुलोरा आला. बांबू फुलणे हे तेथे काही नवीन नव्हते. पांडाच्या वंशाने असे असंख्य फुलोरे पाहिले असले पाहिजेत. नवीन होती ती खालच्या उतारांवरची शेती व वस्ती. पूर्वी एका डोंगरावरचा बांबू मेला की पांडा उतरून दुसऱ्या जातीच्या बांबूकडे जात. आता उतरण्याची वाटच राहिली नव्हती. जुन्या घटनेने नवा घात केला तो यामुळे. वोलाँग येथे जॉर्ज शॅलर, हू चिन्चू व त्यांच्या सहकाऱ्यांनी केलेल्या अभ्यासाचा ग्रंथ १९८५ मध्ये प्रसिद्ध झाला. पांडाचे रक्षण म्हणजे बांबूच्या अनेक जातींचे, उतारांचे व त्यांमधील वाटांचे रक्षण, ही समज त्या काळातील अभ्यासांतून दृढ झाली. पुढे वनतोडीस आळा बसला, संरक्षित क्षेत्रे वाढली, आणि २०१४ पर्यंत चाललेल्या चौथ्या राष्ट्रीय गणनेत रानातील पांडांची संख्या १८६४ भरली.

४. मेळघाटाशी तुलना

मेळघाटात पांडा नाही, आणि केवळ बांबूवर जगणारा दुसरा मोठा प्राणीही नाही. येथील गवा मानवेलाची पाने व कोवळे शेंडे आवडीने खातो, परंतु गवतही खातो. सांबर, वानर, साळिंदर, रानडुक्कर हे सर्व बांबूचा कमीअधिक लाभ घेतात : कोणी पाने, कोणी कोंब, कोणी मुळाकडचा भाग. उन्हाळ्यात कोरड्या उतारांवर मानवेलाची पानेही बरीच झडतात; ओढ्याकाठची बेटे तेवढी हिरवी राहतात, आणि गवत वाळलेले असते त्या महिन्यांत हीच बेटे चाऱ्याचा व सावलीचा आधार होतात. तेव्हा फुलोरा आल्याने येथे उपासमारीचे थेट संकट ओढवेल असे मानण्याचे कारण नाही. तुलनेचा मुद्दा निराळा आहे.

चिनलिंगमध्ये पांडाला दोन घड्याळांचा आधार आहे. मेळघाटात मैदानापासून वैराटपर्यंत जवळजवळ नऊशे मीटरचा चढ असूनही डोंगरउतारावरचे रान एकाच जातीने, मानवेलाने, व्यापलेले आहे. येथे दुसरी जात मदतीस येणार नाही. मग आधार कशाचा? तो विरळ फुलोऱ्याचा, म्हणजे एकाच जातीतील बेटांच्या वेगवेगळ्या वयांचा. दरवर्षी काही बेटे मरतात, काही ठिकाणी रोपे उगवतात, आणि रानात आजोबा, बाप आणि नातू एकाच वेळी नांदतात. जे काम चिनलिंगमध्ये जातींची विविधता करते, ते येथे वयांची विविधता करते.

ही विविधता टिकण्याची अट एकच : उगवलेली रोपे जगली पाहिजेत. मानवेलाचे रोप आरंभीची काही वर्षे गवताच्या झुबक्यासारखे दिसते. वर काही वाढताना दिसत नाही. सारी वाढ जमिनीखाली मूलक्षोडात चालू असते. तोडण्याजोगी काठी मिळावयास सुमारे दशकभर थांबावे लागते. या अवधीत रोपाचे दोन शत्रू असतात : आग आणि चराई. जुने बेट हलकी आग सोसून पावसाळ्यात पुन्हा फुटते. पहिल्या दोन-तीन उन्हाळ्यांतले रोप बहुधा सोसत नाही. ज्या रानात दरवर्षी वणवा फिरतो तेथे जुनी बेटे उभी दिसतात, त्यामुळे पाहणाऱ्याचा समज होतो की बांबू भरपूर आहे. वास्तविक तेथे फक्त म्हातारे उरलेले असतात. पुढचा फुलोरा आला की ते सर्व जातील, आणि मागे कोणीही नसेल. रानातील बांबूची मोजणी काठ्यांच्या संख्येवरून करणे म्हणजे गावाचे भवितव्य फक्त वृद्धांच्या शिरगणतीवरून ठरवण्यासारखे होय.

चराईच्या प्रश्नावर एक अभ्यास येथे आठवतो. माधव गाडगीळ आणि नरेंद्र प्रसाद यांनी कर्नाटकातील कळक व मानवेल या दोन्ही जातींचा अभ्यास केला. त्यावरील त्यांचा निबंध १९८४ मध्ये प्रसिद्ध झाला. तेथे कागद गिरणीस बांबू पुरवण्यासाठी तोड होत असे, आणि तोड सोपी व्हावी, बेटात दाटी होऊ नये, म्हणून बुंध्याभोवतीचे काटेरी आवरण साफ करण्याची पद्धत होती. गावकऱ्यांचे म्हणणे असे की या सफाईनेच बेटाचा घात होतो. पाहणीत तेच खरे ठरले : आवरण गेल्यामुळे नवे कोंब गुरे, वानरे व साळिंदरे यांच्या तोंडी उघडे पडत होते. शास्त्रीय म्हणून लागू केलेला नियम चुकीचा होता आणि गावातील ज्ञान बरोबर होते. मानवेलाला तर मुळातच काटे नाहीत. त्याच्या कोंबांना तेवढेही संरक्षण नाही.

५. शब्दांतील स्मृती

आता आरंभीच्या प्रश्नाकडे परत येणे शक्य आहे. सामुदायिक फुलोऱ्याचे अंतर माणसाच्या कार्यकालापेक्षा मोठे आहे. वनाधिकारी काही वर्षांनी बदलतो. कार्य-आयोजना दहा वर्षांची असते. संशोधन-प्रकल्प तीन ते पाच वर्षांचा. या सर्वांच्या मापात न मावणारी घटना लक्षात ठेवणार कोण?

लेखनाने हे काम केल्याचे उत्कृष्ट उदाहरण पूर्व आशियात सापडते. फायलोस्टॅकिस बांबूसॉयडिस या बांबूचा फुलोरा सुमारे १२० वर्षांनी येतो. हे अंतर कोणाही एका माणसास अनुभवाने कळणे शक्य नाही. ते कळले याचे कारण चीनमध्ये इसवी सन ९९९ मधील आणि जपानमध्ये अठराव्या व एकोणिसाव्या शतकांतील फुलोऱ्यांच्या नोंदी टिकल्या. १९६० नंतरच्या दशकाच्या अखेरीस तो पुन्हा फुलला, तेव्हा हिशेब जुळला.

मौखिक परंपरेने हेच काम केल्याचे उदाहरण मिझोरामचे आहे, आणि ते अधिक गंभीर आहे. मिझो भाषेत ‘माउ’ म्हणजे बांबू; आणि त्याच्या सामुदायिक मरणाने येणाऱ्या दुष्काळाला ‘माउताम’ असे स्वतंत्र नाव आहे. तेथील मेलोकॅना जातीचा बांबू सुमारे ४८ वर्षांनी फुलतो, त्याच्या फळांवर उंदीर बेसुमार वाढतात आणि मग उभ्या पिकांवर पडतात. १९११-१२ चा माउताम ज्यांनी पाहिला होता अशा वृद्धांच्या आठवणीच्या आधारे पुढचा माउताम केव्हा येणार हे लोकांना ठाऊक होते. १९५८ मध्ये मिझो जिल्हा परिषदेने येऊ घातलेल्या दुष्काळासाठी सरकारकडे आगाऊ साहाय्य मागितले. ती मागणी मान्य झाली नाही. १९५९ मध्ये बांबू फुलला, दुष्काळ आला. त्यातून उभ्या राहिलेल्या दुष्काळ-निवारण संघटनेचे १९६१ मध्ये राजकीय पक्षात रूपांतर झाले, १९६६ मध्ये सशस्त्र उठाव झाला, आणि शांतता करार होण्यास १९८६ उजाडले. एका शब्दात साठवलेले ज्ञान ऐकून न घेण्याची किंमत कोठवर जाते, याचे याहून बोलके उदाहरण क्वचितच मिळेल.

फुलोरा सर्वत्र दुष्काळच आणतो असेही नाही. १८६४ मध्ये उत्तर कॅनऱ्यातील सुपे भागात बांबू फळास आला, तेव्हा टंचाईने गांजलेले हजारो लोक धारवाड व बेळगाव भागांतून रानात येऊन ते बी गोळा करीत होते. एकाच घटनेचे दोन प्रदेशांत दोन अर्थ झाले. अशा घटनेच्या स्थानिक अर्थाची खूण स्थानिक शब्दांत शोधावी लागते, ती याचसाठी.

मराठीपुरते पाहावयाचे तर बांबूचा शब्दपरिवार समृद्ध आहे. ‘वेळू’ हा शब्द जुना. पालीतील ‘वेळुवन’ या नावात तो दिसतो. संस्कृत ‘वंश’ या शब्दाचा बांबू हा अर्थ आणि कुल हा अर्थ दोन्ही रूढ आहेत. पेरावर पेर चढत जाणारी काठी आणि पिढीवर पिढी चढत जाणारे कुल यांतील साम्य प्राचीनांस जाणवले असावे. त्याच ‘वंश’पासून आपला ‘वासा’ आला. घर फिरले म्हणजे घराचे जे वासे फिरतात ते मूळचे बांबूच होत. पूर्व विदर्भात खाण्याच्या कोवळ्या कोंबांना ‘वास्ते’ म्हणतात. बुरुडाच्या व्यवसायात काठी, कमटी, सूप, टोपली, दुरडी, डाले, कणगी, तट्ट्या असा स्वतंत्र शब्दसंग्रह आहे, आणि कोणत्या वयाच्या बांबूची कमटी कशास चालते हे ज्ञान त्या शब्दांना चिकटलेले आहे.

शब्दांच्या या शोधात सावधगिरीही हवी. वाऱ्याने ज्यातून नाद निघतो अशा बांबूला अमरकोशात ‘कीचक’ म्हटले आहे. आणि चिखलदऱ्याचे नाव महाभारतातील कीचकावरून पडले, भीमाने त्याला येथील दरीत लोटले, अशी लोककथा आहे. या दोहोंची सांगड घालून चिखलदरा म्हणजे बांबूची दरी असे सिद्ध करण्याचा मोह होणे साहजिक आहे. परंतु ‘चिखल’ हा रोजचा शब्द समोर असता इतक्या दूर जाण्यास भाषाशास्त्रीय आधार नाही. लोककथा ही लोककथा म्हणूनच मोलाची आहे.

मेळघाटातील बांबूची खरी जुनी भाषा मराठी नव्हे, कोरकू ही होय. कोरकू ही मुंडा कुलातील सर्वांत पश्चिमेकडील भाषा. तिच्यात बांबूला ‘माड’ म्हणतात. हा शब्द मुंडारी, संताली इत्यादी भगिनी भाषांतील बांबूवाचक शब्दांशी सगोत्र असून कोकणातील नारळाच्या ‘माडा’शी त्याचा संबंध नाही. छोटा नागपूरच्या पठारापासून सातपुड्यापर्यंत शेकडो मैलांचे अंतर आणि कित्येक शतकांचा विरह पडूनही हा शब्द टिकला, यावरून या लोकांच्या जीवनात बांबूचे स्थान किती जुने आहे हे कळते. सिपना नदीचे नावही कोरकूच. त्या भाषेत सागाला ‘सिपना’ म्हणतात. सागाच्या नावाची नदी ज्या रानातून वाहते, त्या रानाचे वर्णन नकाशावरच लिहिलेले आहे.

कोरकूचे व्याकरण जॉन ड्रेक याने १९०३ मध्ये प्रसिद्ध केले. पुढे नॉर्मन झाइड यांनी तिच्या ध्वनिव्यवस्थेचा व रूपव्यवस्थेचा अभ्यास केला, आणि के. एस. नागराज यांचे व्याकरण, संहिता व शब्दसंग्रह असे पुस्तक १९९९ मध्ये निघाले. २०११ च्या जनगणनेत कोरकू भाषकांची संख्या सुमारे सव्वासात लाख होती. म्हणजे भाषा नामशेष होण्याच्या मार्गावर आहे असे नव्हे. परंतु भाषा जिवंत राहूनही तिच्यातील एखादा शब्दविभाग मरू शकतो. १९७४ मध्ये मेळघाट व्याघ्रप्रकल्प झाला. या शतकाच्या आरंभी बोरी, कोहा व कुंड ही गावे रानातून बाहेर आली, आणि त्यानंतर आणखी काही गावांचे पुनर्वसन अकोला जिल्ह्यातील अकोट व तेल्हारा या तालुक्यांच्या सपाटीवर झाले. पुनर्वसनाच्या इष्टानिष्टतेचा निर्णय हा या लेखाचा विषय नाही. भाषेच्या दृष्टीने एवढेच म्हणावयाचे की जेथे मानवेल उगवत नाही अशा काळ्या मातीवर वाढणाऱ्या मुलाला ‘माड’ हा शब्द येईल. परंतु कोंबाच्या, रोपाच्या, फुललेल्या आणि मेलेल्या बेटाच्या वेगळ्या नावांची त्याला गरज पडणार नाही. गरज नसलेला शब्द एका पिढीत जातो. फुलोऱ्याचे अंतर मात्र एका पिढीहून मोठे आहे.

६. समारोप

वरील विवेचनाचा निष्कर्ष असा. बांबूवर जगणाऱ्यांची सुरक्षितता बांबूच्या विपुलतेत नसते, ती बांबूच्या विषमतेत असते : जातींच्या, उंचीच्या किंवा वयांच्या. पांडाच्या पर्वतांत ही विषमता जातींच्या रूपाने आहे, मेळघाटात वयांच्या रूपाने. पहिली तुटते ती वाटा बंद झाल्याने. दुसरी तुटते ती रोपे जळाल्याने व चरली गेल्याने. पहिलीचा परिणाम प्रेतांच्या रूपाने तत्काळ दिसतो, दुसरीचा अनेक दशके दिसतच नाही. म्हणून दुसरी अधिक दक्षता मागते.

कायद्याच्या बाजूने काळ बराच पुढे गेला आहे. २००६ च्या वनहक्क कायद्याने बांबूस गौण वनोपजात स्थान दिले आणि २०१७ च्या दुरुस्तीने वनाबाहेर उगवलेला बांबू वनकायद्यातील ‘वृक्ष’ या व्याख्येतून वगळला. धारणी तालुक्यातील लवादा येथे सुनील व निरुपमा देशपांडे यांनी उभारलेल्या संपूर्ण बांबू केंद्राने कारागिरीच्या अंगाने या विषयास प्रतिष्ठा मिळवून दिली. आता ज्ञानाच्या अंगाने एक काम शिल्लक आहे, आणि ते विद्यापीठाच्या आवाक्यातील आहे. वनस्पतिशास्त्राच्या व भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी मिळून प्रत्येक गावात दोन वह्या कराव्यात. एकीत, कोणत्या शिवारात कोणत्या वर्षी किती बेटे फुलली, रोपे उगवली का, त्यांवरून आग गेली का, याची नोंद. दुसरीत, बांबूच्या प्रत्येक अवस्थेचे कोरकूत व वऱ्हाडीत नाव काय, आणि मागचा फुलोरा वृद्धांच्या आठवणीत कोणत्या घटनेशी जोडलेला आहे, याची नोंद. ‘अमक्याचे लग्न झाले त्या साली’ एवढी खूण मिळाली तरी साल काढता येते. पहिल्या वहीचा उपयोग ती लिहिणाऱ्यास बहुधा होणार नाही. तो त्याच्या विद्यार्थ्याच्या विद्यार्थ्यास होईल. दुसरी वही मात्र आजच लिहावी लागेल, कारण तिचा मजकूर ज्यांच्यापाशी आहे ती माणसे पुढच्या फुलोऱ्यापर्यंत थांबणार नाहीत.